दलदलीचा पत्ता

त्या दलदलीचं गाव कुठलं, हे मी इथे लिहिणार नाही. मॅसॅच्युसेट्समधलं आहे, माझी ताई श्रूजबरीत राहते तिथून गाडीने अर्ध्या तासाच्या आत आहे, एवढं पुरे. ज्यांना याहून जास्त हवं असेल त्यांनी मला पत्र पाठवू नये.

मी ज्या घरात वाढले तिथे पत्ता न देणं हा भेकडपणा मानत. कोल्हापुरात आमचा छोटा छापखाना होता. पायाने चालवायचं एक ट्रेडल यंत्र, अक्षरांच्या खिळ्यांच्या चार पेट्या आणि बाबा. लग्नपत्रिकांवर घर चालायचं आणि पत्रकांवर बाबा चालायचे. कुठल्या गावात कुणाला पाणवठ्यावर येऊ देत नाहीत, कुठल्या धरणात कुणाची जमीन गेली आणि बदल्यातली जमीन कागदावरच राहिली, कुठल्या देवऋष्याने कुणाच्या मुलीला चटके दिले, ते सगळं आमच्या ओट्यावर छापलं जायचं. ताई आणि मी शाई वाळायच्या आत घड्या घालायचो आणि बोटं काळी करून शाळेत जायचो. बाबांचा नियम एकच होता: पत्रकात गाव हवं, माणूस हवा, तारीख हवी. "पत्ता नसलेलं पत्रक म्हणजे अफवा," ते म्हणत. आणीबाणीत छापखान्याला सील लागलं ते अशाच एका पत्त्यामुळे. मला त्याचा अभिमान होता. अजूनही आहे. म्हणूनच पुढचं सांगणं मला जड जातं.

ताईने मला अमेरिकेत बोलावलं. भाऊजी इथल्या एका कंप्युटर कंपनीत इंजिनिअर आहेत. त्यांच्या घरी राहून मी विद्यापीठात प्राणिशास्त्र शिकायला लागले. पहिल्या हिवाळ्यात विभागाने मला कामाला लावलं ते एका निवृत्त पोलिश प्रोफेसरांकडे. त्यांची टिपणं टाइप करायची, बस्स. "म्हातारा चक्रम आहे, पण तुला चालेल," विभागातली सेक्रेटरी म्हणाली होती.

ऐंशीच्या घरात असलेला, उंच, वाकलेला माणूस. घरातही लोकरी टोपी. मी कुठून आले असं त्यांनी विचारलं नाही. मीच काहीतरी बोलायचं म्हणून म्हटलं, "आमच्या जिल्ह्यात, दाजीपूरच्या जंगलात, गवे आहेत."

"किती?"

"माहीत नाही."

"मग आहेत असं कसं म्हणता?"

हा आमचा पहिला संवाद. दोन दिवस मी त्यांच्यावर चिडून होते. तिसऱ्या दिवशी कळलं की तो माणूस टोमणा मारत नव्हता, खरंच विचारत होता. पोलंडमध्ये ते विद्यार्थी असताना तिथल्या जुन्या जंगलातले रानटी बायसन, आपल्या गव्याचे लांबचे भाऊबंद, पहिल्या महायुद्धात आणि त्यानंतरच्या उपासमारीत संपले होते. शेवटचं जनावर कुणीतरी मारून खाल्लं. उरले होते ते कुठल्या प्राणिसंग्रहालयात दोन, कुठल्या जमीनदाराच्या कुंपणात तीन, असे विखुरलेले. मग काही माणसांनी, आणि त्यांच्याबरोबर पिशव्या उचलणाऱ्या या विद्यार्थ्याने, प्रत्येक जनावराला वहीत एक पान दिलं. आई कोण, बाप कोण, कुठे जन्मलं, आज कुठे आहे. आमच्याकडे हेळवी बैलावर बसून दारात येतो आणि घराण्याच्या पिढ्या म्हणून दाखवतो, तसं. त्या पानांवरून जोड्या लावल्या, वासरं झाली, आणि एका जनावराची जात पुन्हा जंगलात चालायला लागली. हे ऐकून मला वाटलं, हेही एक पत्रकच आहे, फक्त फार हळू छापलेलं.

दुसऱ्या युद्धानंतर ते अमेरिकेत आले आणि इथे त्यांना बायसन नव्हे, कासवं मिळाली.

ती कासवं मी पहिल्यांदा मे महिन्यात पाहिली. तोपर्यंत त्यांनी मला टायपिंगवरून चिखलात बढती दिली होती. कमरेपर्यंतचे रबरी बूट घालून आम्ही दलदलीच्या काठाकाठाने जायचो. जाळीच्या पिंजऱ्यात सार्डिन माशांचा फोडलेला डबा ठेवायचा, पिंजऱ्याचा माथा पाण्याबाहेर राहील असा तो बांधायचा, कारण कासवाला श्वास घ्यायला वर यावं लागतं. दुसऱ्या सकाळी जाऊन उघडायचा. आत काळं, लष्करी हेल्मेटसारखं घुमटाकार कवच, आणि त्यातून बाहेर आलेला लांब गळा, ओल्या हळदीच्या रंगाचा. तोंडाची ठेवण अशी की ते सतत कुणावर तरी मनातल्या मनात हसत असावं. प्रोफेसर त्याला उलटं धरत, पाठीचा कणा नसल्यासारखे वाकत, आणि कवचाच्या कडेला बारीक कानशीने छोट्या खाचा पाडत. कुठल्या पट्टीवर किती खाचा, यावरून नंबर ठरे. "नखासारखं असतं ते, दुखत नाही," असं ते मला नव्हे, कासवाला सांगत.

प्रत्येक कासवाला वहीत पान होतं. वीसेक वर्षांची पानं. नंबर, नर की मादी, वजन, कधी दिसलं, अंडी घातली का. आणि जागेच्या रकान्यात प्रत्येक पानावर, प्रत्येक ओळीत, एकच शब्द: "तीच".

मी विचारलं, तीच म्हणजे कुठली? हे शास्त्र आहे, उद्या तुमच्यानंतर कुणी वाचलं तर?

तेव्हा त्यांनी मला बीव्हरची गोष्ट सांगितली. बीव्हर म्हणजे नदीला लाकडाचे बांध घालणारा मोठा उंदरासारखा प्राणी. पोलंडमध्ये त्यांची थोडीच कुटुंबं उरली होती आणि त्यातलं एक या तरुण प्राणिशास्त्रज्ञाला एका नदीच्या वळणावर सापडलं. त्याने वर्तमानपत्रात लेख लिहिला. लोकांना कळू दे, लोक सांभाळतील. नदीचं नाव घातलं, वळण सांगितलं, जवळची गिरणी सांगितली. "त्याच हिवाळ्यात फासे लावणारे आले," ते म्हणाले. "त्यांनाही वाचता येत होतं."

इथे कासवांना फासे लावत नाहीत, पण छंदी लोक असतात. घरातल्या टाकीत दुर्मीळ कासव ठेवणारे, आणि त्यांना पुरवणारे. "म्हणून जागा कुणालाच नाही. तुमच्या बहिणीलाही नाही."

मी मान डोलावली. मनात म्हटलं, तो काळ वेगळा, तो देश वेगळा, आणि लेख चुकीच्या लोकांपर्यंत गेला. पुरेशा लोकांपर्यंत गेला असता तर? मी चोवीस वर्षांची होते आणि मला वाटत होतं की जगातली प्रत्येक गोष्ट अपुऱ्या प्रतींमुळे बिघडते.

त्या वर्षीच्या शरदात दलदलीच्या कडेला लाल फिती बांधलेल्या खुंट्या आल्या. एका बिल्डरला तिथे घरं बांधायची होती. दलदलीचा एक भाग भरून रस्ता, आणि ज्या वाळूच्या उतारावर माद्या जूनमध्ये अंडी घालायला चढत तिथे घरांची रांग. इथे प्रत्येक गावात निसर्गरक्षणाची एक समिती असते, गावातलीच साधी माणसं, आणि तिच्यापुढे अशा कामाची सुनावणी होते. जानेवारीतल्या सुनावणीला प्रोफेसर वही घेऊन गेले. मीही गेले. लाकडी खुर्च्या, कॉफीचा थर्मास, नऊ माणसं.

"इथे असा प्राणी आहे जो दुसरीकडे फारसा उरलेला नाही," प्रोफेसर म्हणाले. "माझ्याकडे वीस वर्षांची नोंद आहे. मी ती तुम्हाला वाचायला देतो. वाचून मला परत द्या."

समितीचा अध्यक्ष भला माणूस होता. तो म्हणाला, "प्रोफेसर, आमच्यापुढे आलेला कागद या दलदलीच्या फाइलमध्ये राहतो. आणि ती फाइल कुणीही येऊन उघडू शकतो. कायदाच तसा आहे. नकाशाशिवाय आम्हाला काही करता यायचं नाही."

प्रोफेसरांनी थोडा वेळ वहीवर हात ठेवला. मग वही पिशवीत घातली. "मग बर्फ गेलं की तुम्ही माझ्याबरोबर चला. मी प्रत्यक्ष दाखवतो."

बिल्डरच्या वकिलाने घड्याळ पाहिलं. सुनावणी एप्रिलपर्यंत पुढे गेली.

गाडीत मी पेटले होते. "तुम्ही वही परत घेतलीत! दलदल गेली तर वही काय चाटायची आहे?"

"दलदल कदाचित जाईल," ते म्हणाले. "नकाशा दिला तर कासवं नक्की जातील."

"लोकांना सांगितल्याशिवाय लोक कसे उभे राहतील?"

"यंग लेडी, गाडी चालवा."

पुढचे तीन आठवडे मला झोप नव्हती. बाबांना पत्र लिहिलं, त्यांचं उत्तर यायच्या आधीच ठरवून टाकलं. प्रोफेसर मला म्हातारे, घाबरलेले, एका जुन्या जखमेने आंधळे झालेले वाटत होते. मी ताईच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून पत्रक लिहिलं. इंग्रजीतलं माझं पहिलं. दोन बाजू. पहिल्या बाजूला कासवाचं चित्र आणि बिल्डरवर हल्ला. दुसऱ्या बाजूला नकाशा. रस्ता, दगडी भिंत, हिवाळ्यात कापलेला बर्फ साठवायचा जुना बर्फखाना, दलदलीचा आकार, आणि अंडी घालायच्या उतारावर एक भरीव काळा बाण. बाण मी पट्टीने काढला.

भाऊजींनी शनिवारी ऑफिसच्या झेरॉक्सवर प्रती काढून दिल्या. मूळचे नागपूरचे, चेष्टेशिवाय श्वास न घेणारे. "यार, माझी नोकरी गेली तर सांगू काय? कासवांची क्रांती होती म्हणून?"

"सांगा ना. अभिमानाने सांगा."

"अगं, इंडियात पॅम्फ्लेट वाटलं की लोक जमतात. इथे पॅम्फ्लेट दिलं की लोक पिझ्झाचं कूपन शोधतात."

ताई गाजर किसत होती. ती म्हणाली, "त्यांना विचारलंस का पण? प्रोफेसरांना?"

"विचारून पत्रक निघत नाही."

"हे बाबांचं वाक्य आहे," ताई म्हणाली. "बाबांचं चुकलं असेल तर?"

मी पत्रकांच्या घड्या घालत राहिले. प्रती लायब्ररीत ठेवल्या, पोस्टात, दोन चर्चच्या दारात, सुपरमार्केटच्या फळ्यावर. मराठी मंडळाच्या उशिराने झालेल्या संक्रांतीच्या पॉटलकला, घरोघरून डबे आणून होणाऱ्या जेवणालाही, नेल्या. तिथे एका काकांनी हात जोडून सांगितलं, "बेटा, आपण इथे पाहुणे आहोत. पाहुण्याने यजमानाच्या अंगणात भांडू नये." मी त्यांना काय म्हटलं ते इथे लिहीत नाही, ताईने नंतर त्यांची माफी मागितली. पण भाऊजींचा अंदाज चुकला. लोकांनी वाचलं. गावच्या साप्ताहिकाने चित्र छापलं आणि त्याखाली माझा नकाशाही, बाणासकट.

प्रोफेसरांना ते साप्ताहिकातूनच कळलं. मी गेले तेव्हा ते टेबलावर उलगडलेलं होतं.

"तुम्ही काढलात?"

"हो."

"किती प्रती?"

"तीनशे. आणि पेपरच्या वेगळ्या."

त्यांनी टोपी काढली. मी त्यांना टोपीशिवाय तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. "मी तुमच्याएवढा असताना मूर्ख होतो," ते म्हणाले. "पण मला कुणी सांगितलेलं नव्हतं. तुम्हाला मी सांगितलं होतं."

मी वाद घातला. अर्धा तास. लोकांची ताकद, उघडपणा, भीतीचं राजकारण, जे जे छापून वाचलं होतं ते सगळं.  मी थांबले तेव्हा ते म्हणाले, "आज टायपिंग नाही."

एप्रिलच्या सुनावणीला हॉलमध्ये उभं राहायला जागा नव्हती. शाळेतली मुलं कासवांची चित्रं घेऊन आली होती. एका शेतकऱ्याने आपल्या आजोबांनी तिथे बर्फ कापल्याची आठवण सांगितली. माझ्या पत्रकावर बोट ठेवून एक म्हातारी बाई म्हणाली, "हे वाचेपर्यंत मला माहीतच नव्हतं की आपल्याकडे असं काही आहे." समितीने परवानगी नाकारली. लोकांनी टाळ्या वाजवल्या, कुणीतरी मला मिठी मारली. मी रडले. मला वाटलं, बाबा, बघा. प्रोफेसर आले नव्हते.

दुसऱ्या दिवशी मी त्यांना फोन करून सांगितलं. "चांगलं आहे," ते म्हणाले. "आता पिंजरे लावू."

मेच्या पहिल्या आठवड्यात आम्ही पिंजरे लावले. सकाळी सार्डिन तसंच होतं. जागा बदलून लावले. तसंच. तिसऱ्या आठवड्यात दगडी भिंतीपाशी मला रिकामे सार्डिनचे डबे मिळाले. आमचे नव्हते, आमचा ब्रँड वेगळा. चिखलात बुटांचे ठसे, आमच्याहून मोठे, जाणारे-येणारे, कित्येक. उतारावर एक मासेमारीचं तुटकं जाळं. आणि जुन्या बर्फखान्याच्या पायरीवर, दगड ठेवून दाबलेलं, चार घड्यांचं माझं पत्रक. बाणाभोवती कुणीतरी निळ्या पेनाने गोल काढला होता. दलदलीच्या इतर तीन ठिकाणीही खुणा केल्या होत्या. त्यांनी माझा नकाशा सुधारला होता.

मी तो कागद प्रोफेसरांना दाखवला. त्यांनी खिशात घातला आणि पुढचा पिंजरा उघडायला गेले. तोही रिकामा होता.

जूनमध्ये माद्या उतारावर चढायला हव्या होत्या. आम्ही संध्याकाळी उतारावर बसायचो, डास फोडत. पहिल्या वर्षी मी तिथे एकाच संध्याकाळी चार पाहिल्या होत्या, मागच्या पायांनी वाळू उकरणाऱ्या, जगाकडे पाठ केलेल्या. या वर्षी दहा संध्याकाळी एकही नाही. अकराव्या संध्याकाळी प्रोफेसर म्हणाले, "तुम्ही उद्या येऊ नका. मी बसतो."

"मला बसू दे."

"कशासाठी?"

त्यांना खरंच जाणून घ्यायचं होतं. 

त्याच सुमारास विभागातल्या एका मुलीने सांगितलं की हायवेलगतच्या एका हॉटेलच्या हॉलमध्ये पाळीव साप-सरडे विकायची जत्रा भरते. रविवारी. मी ताईला घेऊन गेले, कारण गाडी तिची होती.

जत्राच होती ती. लांब टेबलं, प्लास्टिकचे टब, लहान मुलं, पॉपकॉर्नचा वास. मी टबामागून टब बघत गेले. कवचाच्या कडांवर बोट फिरवत. चौथ्या ओळीत एका टबात, इतर कासवांवर चढून बसलेली, हळदीचा गळा बाहेर काढलेली एक होती. मी तिला उचललं. डावीकडे दोन खाचा, उजवीकडे एक, मागे एक. सत्तावीस. डाव्या मागच्या पायाचं एक नख नव्हतं. मागच्या वर्षी वजन करताना मी त्या पायाला धरलं होतं.

"बॉर्न इन कॅप्टिव्हिटी," विकणारा म्हणाला. "माझ्याकडेच जन्मली."

"खोटं बोलतोस. या खाचा कानशीने पाडलेल्या आहेत. हिचा नंबर आहे. बाकीची कुठे आहेत?"

"कुत्र्याने चावलंय ते."

मग मी ओरडले. काय काय ओरडले ते मला नीटसं आठवत नाही. काही मराठीत होतं. हॉटेलचा रखवालदार आला आणि त्याने मला दंडाला धरून बाहेर पार्किंगमध्ये नेऊन सोडलं. मी डांबरावर बसले. मला वाटलं, आता ती गेली. माझ्या डोळ्यांदेखत गेली, पुन्हा माझ्याच तोंडाने.

अर्ध्या तासाने ताई बाहेर आली. हातात खोका.

"घे. आणि आता गप्प बस."

"कसं दिलं त्याने?"

"मी म्हटलं, ती मुलगी वेडी आहे, मी ओळखत नाही. मग म्हटलं, या कासवाच्या कवचाला बघा ना किती खाचा, डॅमेज आहे, एक नखही नाही, एवढे कसे मागता? तो म्हणाला, लेडी, यू आर किलिंग मी. मी दोनदा उठून चालायला लागले, दोनदा त्याने हाक मारली." ताईला अजून धाप लागली होती. "आपल्या लक्ष्मीपुरीतला भाजीवाला याच्यापेक्षा कठीण होता."

मी तिला विचारलं, बाकीची दिसली का.

"नाही गं. तो म्हणाला, बाकीची वसंतातच गेली. कुठे, ते त्यालाही माहीत नाही."

आम्ही थेट दलदलीकडेच निघालो होतो. मीच वाटेत गाडी प्रोफेसरांच्या घराकडे वळवायला लावली, त्यांना दाखवू म्हणून. त्यांनी खोका उघडला, खाचा मोजल्या, वही न बघता "सत्तावीस" म्हणाले.  मग म्हणाले, "हिला परत सोडता येणार नाही."

"का?"

"ती निदान महिनाभर कुठल्या कुठल्या जनावरांबरोबर टबात होती. सर्दी असेल, आणखी काही असेल. दलदलीत एखादं जरी उरलं असेल तर हिच्यामुळे ते मरेल."

"एखादं जरी," ताई मला मराठीत म्हणाली. "म्हणजे त्यांना अजून वाटतंय."

सत्तावीस प्रोफेसरांच्या तळघरात राहिली. कपडे धुवायच्या दगडी टबात पाणी आणि एक वीट. मी रोज जायचे. चौथ्या दिवशी ती टबाबाहेर पडली आणि लिनोलियमच्या फरशीवर मागच्या पायांनी उकरायला लागली. डावा पाय, उजवा पाय, डावा पाय. तसाच संथ, तसाच पाठमोरा, उतारावरच्या वाळूत उकरत तसा. लिनोलियमवर नखांचा आवाज येत होता. "अंडी आहेत," प्रोफेसर म्हणाले. आम्ही खोकंभर वाळू आणली, उतारावरचीच. तिला त्यात ठेवलं. ती त्यातून बाहेर आली आणि फरशीच्या त्याच कोपऱ्यात जाऊन उकरायला लागली. तीन दिवस. मागच्या पायांची कातडी सोलली. मग तिने उकरणं सोडलं, आणि एका सकाळी टबातल्या पाण्यात अंडी पडलेली दिसली. नऊ. कधी पडली माहीत नाही. एक फुटलेलं.

"पाण्यात अंडं गुदमरतं," प्रोफेसर म्हणाले. तरी आम्ही आठही अंडी काढून, वरची बाजू वरच ठेवून, वाळूत पुरली. त्यांनी एकेक अंडं असं ठेवलं की मला बघवेना. मी म्हटलं, "तुम्ही मला एकदा शिव्या तरी द्या."

"त्याने काय होईल?"

जुलै आणि ऑगस्ट आम्ही दलदल पिंजून काढली. समितीच्या अध्यक्षाने रविवार दिले, शाळेतल्या एका बाईंनी दिले, भाऊजींनी दिले, चिखलात दोनदा पडून आणि एकदाही चेष्टा न करता. पिंजरे, काठ, ओंडके, ओढ्याचं तोंड, पलीकडचं तळं. रंगीत कासवं मिळाली, चावरी कासवं मिळाली. हळदीचा गळा मिळाला नाही. प्रोफेसर संध्याकाळी वहीचं एकेक पान उघडत आणि मला नंबर वाचायला सांगत. मी वाचायचे. ते "नाही" म्हणत आणि मी लिहायचे. पान उलटायचे. त्या वेळी मला कळलं की ज्या गोष्टीसाठी मी लोकांना जमवलं होतं ती गोष्ट सोडून बाकी सगळं आम्ही वाचवलं होतं. दलदल शाबूत होती. तिथे आता फलक लागला होता.

सप्टेंबरच्या मधल्या आठवड्यात आम्ही वाळू उकरली. अंडी काळपट, वास येणारी. प्रोफेसरांनी आठही मोजली.

मग ते टबापाशी बसले आणि बराच वेळ सत्तावीसकडे बघत राहिले. थंडी सुरू व्हायच्या आत तिला कुठेतरी तळाच्या चिखलात जाऊन बसायचं होतं. तळघरात चिखल नव्हता.

"उद्या तिला सोडू," ते म्हणाले.

"पण तुम्हीच म्हणाला होता, रोग पसरेल."

"कुणाला?"

मला कळायला वेळ लागला. त्यांनी सगळा उन्हाळा त्या एका शब्दाचं उत्तर शोधण्यात घालवला होता, आणि मी त्यांच्या शेजारी उभी राहून ते वहीत लिहीत होते.

सकाळी आम्ही तिला घेऊन गेलो. काठावर धुकं होतं, फलकावर पाण्याचे थेंब होते. त्यांना आता बूट घालून वाकता येत नव्हतं, म्हणून मी तिला पाण्यात ठेवलं. तिने गळा बाहेर काढला, इकडेतिकडे वळवला, आणि मग पायांनी चिखल ढवळत, गढूळ पाणी मागे टाकत, खोल भागाकडे निघाली. बुडबुडे काही वेळ वर येत राहिले. प्रोफेसर काठावर उभे होते, मी पाण्यात. त्यांनी मला बाहेर यायला हात दिला नाही. मी आपली मीच आले.